पुकारा झाला, कुणीच आलं नाही

सांगली, रविवार दुपार

प्रिय सुमे,

तुझा तो लांबलचक व्हॉइस मेसेज ऐकला, मग जेवण झाल्यावर पुन्हा ऐकला. कॅल्गरीत तेव्हा मध्यरात्र उलटून गेली असणार, आणि तू झोपायचं सोडून उच्च न्यायालयाला शिव्या घालत होतीस. ‘कागद उघडूनसुद्धा न बघता पोरीचं अपील काढून टाकलं, हा कसला न्याय?’ हे तर तुझं पालुपदच झालं होतं. तुझ्या भाचीसाठी जीव तुटतो हे कळतं गं. पण जे तुला अजिबात पटणार नाही ते आधीच सांगून टाकते : कागद उघडले नाहीत हे तिचं नशीब. उघडून, वाचून, तिच्या वकिलाशिवायच ‘अपिलात दम नाही’ असं लिहून फेटाळलं असतं, तर आज मी तुला हे पत्र लिहिण्याऐवजी सांत्वनाचं पत्र लिहीत बसले असते.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या तासाला तू मागच्या बाकावर कादंबऱ्या वाचायचीस, त्यामुळे ऑर्डर 41 तुला आठवण्याची शक्यता नाही. त्यातला नियम 17 असा : नेमलेल्या तारखेला अपिलाचा पुकारा झाला आणि अपील करणारा हजर नसला, तर कोर्ट अपील काढून टाकू शकतं. 1976 च्या दुरुस्तीने त्याखाली एक स्पष्टीकरण जोडलं, की या नियमाच्या आधाराने गुणदोषांवर अपील फेटाळता येणार नाही. त्याआधी काही न्यायालयं काय करायची, की वकील नाही तर नाही, आपणच रेकॉर्ड चाळायची आणि अपील गुणदोषांवर निकाली काढायची. वरवर किती न्याय्य वाटतं! पण गुणदोषांवर निकाल लागला की तो निकाल. तो उलटवायला वरच्या कोर्टात जाऊन भांडावं लागतं. गैरहजेरीत काढलेलं अपील मात्र त्याच कोर्टात अर्ज करून परत उभं करता येतं. सुप्रीम कोर्टाने 1996 मध्येही हे पुन्हा बजावलं : अपिलाचा वकील नाही, तर एक तर पुढची तारीख द्या, नाही तर गैरहजेरीत काढा, पण गुणदोषांत शिरू नका.

म्हणजे घटस्फोटाविरुद्धच्या या अपिलात उच्च न्यायालयाने तुझ्या भाचीविरुद्ध काही ठरवलेलंच नाही. ती खोटी ठरली नाही, नवरा खरा ठरला नाही. संहितेच्या व्याख्येत तर गैरहजेरीत काढून टाकण्याचा हुकूम हा हुकूमनामाच नव्हे, असं कलम 2 मध्ये स्वच्छ लिहिलंय. कायद्याच्या लेखी त्या दिवशी काहीच झालं नाही म्हण ना.

आणि तरीही सगळं झालं. त्याकडे येते.

आधी तुझा दुसरा राग. ‘ती पुण्यात असताना कोर्टात का गेली नाही?’ अगं, तिने जायचंच नव्हतं. कौटुंबिक न्यायालयात पक्षकाराला स्वतः जावं लागतं. 1984 च्या कौटुंबिक न्यायालय कायद्याच्या कलम 13 प्रमाणे तिथे वकील उभा करणं हा हक्कसुद्धा नाही, कोर्टाने परवानगी दिली तर मिळतो. समुपदेशकाच्या खोलीत बसा, समोरासमोर बोला, मुलांच्या भेटीच्या वेळा ठरवा, सगळं स्वतः. ही कल्पना मुळात दुर्गाबाई देशमुखांची. 1953 साली त्या चीनला जाऊन आल्या, तिथली कुटुंबाची न्यायालयं पाहिली आणि परत येऊन चागला, गजेंद्रगडकर अशा न्यायमूर्तींशी बोलल्या, नेहरूंपर्यंत विषय नेला. त्याच वर्षी त्या आपल्या चिंतामणराव देशमुखांशी लग्न करून रायगडच्या सूनबाई झाल्या होत्या, हे माझं आवडतं अवांतर. कायदा व्हायला मात्र 31 वर्षं लागली, आणि महाराष्ट्रातलं पहिलं कौटुंबिक न्यायालय पुण्यात उघडलं ते 1989 मध्ये.

तर मुद्दा हा, की खालच्या कोर्टात दर तारखेला स्वतः हजर राहून राहून बायकांना सवय लागते. मग निकाल विरुद्ध जातो, त्याच कायद्याच्या कलम 19 खाली उच्च न्यायालयात अपील दाखल होतं, दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे ते जातं, आणि वकील सांगतात, ‘ताई, आता तुम्हाला यायची गरज नाही.’ खरंच नसते. अपिलात हजेरी म्हणजे वकिलाची हजेरी. पक्षकार मुंबईत फोर्टातल्या त्या दगडी इमारतीत पाय न ठेवता अख्खं अपील जिंकू शकतो, हरू शकतो. बाई सुटकेचा श्वास टाकते, नोकरी धरते, भाड्याचं घर बदलते, कधी मोबाइल नंबर बदलते. अपील सुनावणीसाठी दाखल करून घेतलं जातं आणि मग पडून राहतं. वर्षं जातात. आणि एका सकाळी ते अचानक बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या कामांच्या यादीत, येतं.

त्या सकाळी वकील कुठे असतो? बाई, मी इतकी वर्षं या धंद्यात आहे, सगळे प्रकार पाहिलेत. वकील वारला. वकील सरकारी वकील झाला आणि खासगी कामं परत केली, पण वकीलपत्र काढून घेतल्याचं अशिलाला नीट कळवलंच नाही. वकील शेजारच्याच कोर्टात दुसऱ्या कामात उभा आहे आणि ज्युनिअरला ‘पासओव्हर माग’, म्हणजे आपलं काम थोड्या वेळाने घ्यायला सांग, म्हणून पाठवलंय, तो ज्युनिअर पोचेपर्यंत पुकारा होऊन गेला. फी थकली म्हणून वकिलाने लक्ष काढून घेतलं, हाही प्रकार आहे, आमच्या लोकांना ऐकायला आवडत नाही तरी. शिवाय मुंबईत आणखी एक दार आहे जिथून अपील गुपचूप बाहेर पडतं : ऑफिस ऑब्जेक्शन. कुठे पान अस्पष्ट, कुठे भाषांतर जोडलेलं नाही, कुठे मुद्रांक कमी. अमुक आठवड्यांत दुरुस्त करा, नाही तर अपील आपोआप निकाली, असा सशर्त हुकूम होतो आणि मुदत संपली की पुकाऱ्याचीसुद्धा गरज उरत नाही. तुझ्या भाचीच्या बाबतीत नक्की कोणतं झालं ते ऑर्डरची प्रत पाहिल्याशिवाय मी सांगणार नाही. तिच्या आधीच्या वकिलांबद्दलही आत्ता काही बोलणार नाही, कारण पुढे त्यांचंच प्रतिज्ञापत्र लागणार आहे. आजारी होते म्हणतात. असतीलही. तू फोन करून त्यांना झापू नकोस, एवढं ऐक.

वकिलाच्या चुकीची शिक्षा अशिलाला का, हा तुझा प्रश्न मात्र रास्त आहे, आणि तो सुप्रीम कोर्टालाही पडलेला आहे. 1981 मधला एक निवाडा आम्ही सगळे पाठ केल्यासारखा वापरतो. उत्तर प्रदेशातल्या एका खेडवळ माणसाचं अपील अलाहाबादला वकील न आल्यामुळे निघालं. न्यायमूर्ती देसाईंनी विचारलं ते साधारण असं : या माणसाने आणखी करायचं तरी काय होतं? वकील नेमला, फी दिली, विश्वास टाकला. आता त्याने दर तारखेला वकिलामागे पहारा द्यायला अलाहाबादला येऊन बसायचं का? अपील परत उभं केलं, आणि मला सगळ्यात आवडतं ते म्हणजे दोनशे रुपये खर्च अशिलाकडून नव्हे, गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितला. दोनशे रुपये 1981 मध्येही फार नव्हते. पण ते कुणाच्या खिशातून गेले हे महत्त्वाचं.

मात्र हा निवाडा म्हणजे हुकमाचं पान आहे असं समजू नकोस. 1993 मध्ये त्याच कोर्टाने सांगितलं, की हा काही सरसकट नियम नाही. शहरातली शिकलेली, सल्लागार असलेली मंडळी ‘आम्हाला काय माहीत, वकिलांना विचारा’ म्हणाली तर ते चालेलच असं नाही. तुझी भाची बँकेत अधिकारी आहे. समोरचा वकील पहिलं वाक्य हेच म्हणणार, की बाईसाहेब रोज कॉम्प्युटरवर बसतात, आपल्या केसचा नंबर टाकून बघता आलं नाही? आणि खरं सांगू, त्यात काही अगदीच खोटं नाही.

ऑर्डर 41 चाच नियम 19 आपल्या बाजूचा आहे. हजर न राहण्याला पुरेसं कारण होतं हे सिद्ध झालं, तर कोर्टाने अपील परत घेतलंच पाहिजे. खर्च वगैरेच्या अटी घालता येतील, पण नाही म्हणता येत नाही. म्हणजे काढताना कोर्टाची मर्जी, आणि परत घेताना, कारण पटलं तर, सक्ती. पण अर्जाला मुदत तीस दिवस, आणि ते मोजायचे अपील निघालं त्या तारखेपासून, तुला कळलं त्या तारखेपासून नव्हे. इथेच सगळे अडकतात. तुझ्या भाचीला कळलं चार महिन्यांनी. म्हणून आता दोन अर्ज : एक विलंब माफीचा, एक अपील परत उभं करण्याचा. विलंबाबाबत 1987 पासून न्यायालयांचं धोरण बरंच उदार आहे. रोजच्या रोज उशिराचा खुलासा द्या म्हणजे तासातासाचा द्या असं नव्हे, शहाणपणाने बघा, उशीर करून कुणाचा फायदा होत नसतो, असा त्या निवाड्याचा सूर. मात्र तो एका जमीन संपादनाच्या प्रकरणातला आहे.

आणि आता मी त्या गोष्टीकडे येते जिच्यामुळे मला आज दुपारची झोप लागली नाही.

जमिनीचं अपील गैरहजेरीत निघालं, वर्षाने परत उभं राहिलं, तर काय बिघडतं? बांध तिथेच असतो. मधल्या काळात कुणी विकली असेल तर त्यालाही कायद्यात वाटा आहेत. पैशाच्या दाव्यात तर व्याज लावलं की झालं. घटस्फोटात तसं नाही. हिंदू विवाह कायद्याचं कलम 15 उघड. घटस्फोट झालेल्यांना पुन्हा लग्न कधी करता येईल? अपिलाचा हक्कच नसेल तर, किंवा मुदतीत अपील झालंच नाही तर, किंवा अपील झालं आणि ते फेटाळलं गेलं तर. गुणदोषांवर फेटाळलं की गैरहजेरीत, असा भेद त्या कलमात नाही. म्हणजे ज्या दिवशी तुझ्या भाचीच्या अपिलाचा पुकारा झाला आणि कुणी उठून उभं राहिलं नाही, त्या दिवसापासून तिचा नवरा बोहल्यावर चढायला मोकळा. ज्या हुकमाला संहिता हुकूमनामाही मानत नाही, त्याच्या जोरावर!

तीस दिवसांत ती अर्ज करू शकेल, म्हणून त्याने तेवढं थांबायला हवं होतं का? शहाण्या वकिलाने थांबायला सांगितलं असतं. साठच्या दशकातलं एक प्रकरण आहे. उच्च न्यायालयात घटस्फोट मिळाल्यावर नवऱ्याने दुसरं लग्न केलं, मुलगा झाला. पहिली बायको सुप्रीम कोर्टात गेली. नवरा म्हणाला, आता काय उपयोग, माझा संसार झालाय. कोर्ट म्हणालं, तू वाट बघायला हवी होतीस, आणि घटस्फोट रद्द केला. कागदावर पहिल्या बायकोचा विजय. पण त्या विजयानंतर त्या तिघांनी आणि त्या पोराने कसं राहायचं, हे निवाड्यात नसतं.

उलटही घडलंय. दिल्लीत एकीने एकतर्फी घटस्फोटाविरुद्ध काही वर्षांनी अर्ज केला. मधल्या काळात नवऱ्याने दुसरं लग्न केलं होतं. उच्च न्यायालयाने तिचं ऐकलं, सुप्रीम कोर्टाने 2011 मध्ये नाही ऐकलं. कारण तिने समन्सचं रजिस्टर पाकीट घ्यायला नकार दिल्याचं रेकॉर्डवर होतं. मुद्दाम पाठ फिरवणं हे पुरेसं कारण होत नाही. आणि 2018 चं एक तर मजेशीर वळणाचं : घटस्फोटाविरुद्ध अपील नवऱ्याचंच. मग तडजोड झाली, त्याने अपील मागे घेण्याचा अर्ज दिला, पण कोर्टाने तो मंजूर करायच्या आत, चार दिवस धीर न धरता, दुसरं लग्न लावून मोकळा. पुढे त्या दुसऱ्या बायकोशी बिनसलं आणि तिनेच म्हटलं, अपील चालू असताना केलेलं हे लग्नच रद्दबातल आहे. सुप्रीम कोर्ट म्हणालं, नाही, कलम 15 मोडलं म्हणून लग्न शून्य होत नाही. तडजोड करून अपील सोडायचं ठरलंच होतं.

या सगळ्याचं सार तुझ्या भाचीसाठी असं, की नवऱ्याने दुसरं लग्न केलं असलं तरी अर्जाचं दार कायद्याने बंद होत नाही. पण न्यायमूर्ती माणसं असतात. समोर एक निष्पाप तिसरी बाई दिसली, की ‘पुरेसं कारण’ मोजायचा काटा जरा कडक होतो. मुलं झाली असतील तर कलम 16 त्यांचं औरसपण राखेल, त्यांच्या आईचं काय राखेल? म्हणून तू मला ‘पैसे लागतील तितके घे’ म्हणालीस ना, पैशाचा प्रश्नच नाही. प्रश्न दिवसांचा आहे.

माझी खरी तक्रार न्यायमूर्तींबद्दल नाही. बरीच खंडपीठं पहिल्या गैरहजेरीत अपील काढत नाहीत, एखाद-दुसरी तारीख देतात. माझी तक्रार अशी, की वैवाहिक अपिलात ती ‘शेवटची संधी’ पुन्हा त्याच वकिलाच्या नावावर बोर्डात छापली जाते, जो आलाच नव्हता. त्याऐवजी पक्षकाराच्या घरच्या पत्त्यावर एक साधी नोटीस जावी, मोबाइलवर मराठीत एक निरोप जावा, की तुमचं अपील अमुक दिवशी आहे, वकील आले नाहीत, तुम्ही या. नियमात याला आडकाठी नाही. नियम 17 म्हणतो काढू ‘शकेल’. काढलंच पाहिजे असं कुठे म्हणतो? जिथे उलटवता न येणारी गोष्ट होऊ शकते तिथे हा एक जादा निरोप मला अजिबात जास्त वाटत नाही.

याहून विचित्र ऐक. चोराचं अपील चोर गैरहजर म्हणून काढता येत नाही! 1996 मध्ये सुप्रीम कोर्टाने ठरवून टाकलंय : फौजदारी अपिलात आरोपी नाही, वकील नाही, तरी रेकॉर्ड वाचून गुणदोषांवरच निकाल द्या. फौजदारी रिव्हिजनचंही 2007 पासून तेच. आता बघ, त्याच कौटुंबिक न्यायालयाने पोटगीचा जो हुकूम जुन्या कलम 125 खाली, म्हणजे आताच्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 144 खाली दिला, त्याविरुद्धची रिव्हिजन फौजदारी वाटेची. म्हणजे महिन्याच्या पोटगीच्या आकड्यावरचं भांडण गैरहजेरीने मरत नाही, आणि लग्न राहिलं की मोडलं हे भांडण मरतं. तुरुंगाचा प्रश्न असतो म्हणून फौजदारीत ही काळजी, हे मला मान्य. पण बाईचं लग्न तुटणं काय पैशाच्या दाव्याच्या रांगेतलं?

मात्र तू लगेच ‘मग गैरहजेरीत काढायची पद्धतच बंद करा’ म्हणू नकोस. मला ठाऊक आहे तू म्हणणार. मी दुसऱ्या बाजूनेही उभी राहिलेली आहे. मिरजेकडची एक शिक्षिका. छळाच्या कारणावर घटस्फोट जिंकली. नवऱ्याने अपील टाकलं, स्थगिती मिळवली आणि मग तो दिसेनासा झाला. त्याला लग्न टिकवायचं नव्हतं, तिला अडकवून ठेवायचं होतं. तारखेला कधी त्याचा वकील यायचा, कधी नाही. ती पस्तिशीची होती, कुणी चांगला माणूस विचारत होता, आणि प्रत्येक वेळी मला विचारायची, ‘ताई, आता?’ मी म्हणायची, अजून नाही. तेव्हा कोल्हापूरचं सर्किट बेंच स्वप्नातच होतं. सांगली-कोल्हापूरच्या वकिलांनी महालक्ष्मी एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास करून जायचं, आणि बोर्ड कोलमडला की हात हलवत परत यायचं. शेवटी एका सकाळी खंडपीठाने त्याचं अपील गैरहजेरीत काढलं. त्या दिवशी मला हा नियम इतका आवडला म्हणून सांगू! अपिलाचा उपयोग खुंट्यासारखा करणाऱ्यांवर हाच एक उपाय आहे.

तिने फोनवर विचारलं, ‘आता नक्की संपलं ना?’ मी सांगितलं, अजून तीस दिवस थांब, आणि त्यानंतरही तो विलंब माफी मागू शकतो, पण तू कायद्याने मोकळी आहेस. ती म्हणाली, ‘म्हणजे संपलं की नाही?’ मला याहून चांगलं उत्तर देता आलं नाही. तो काही परत आला नाही. तिने लग्न केलं, मुलगी आता कॉलेजात आहे. तुझ्या भाचीच्या नवऱ्याच्या जागी मला अधूनमधून ही बाई दिसते, म्हणून मी तुझ्याइतकी तावातावाने बोलू शकत नाही.

तू विचारलंस, उत्तरवादी आला नाही तर? म्हणजे नवराच आला नसता तर हिचं अपील आपोआप मंजूर झालं असतं का? नाही गं. मग अपील एकतर्फी ऐकतात, हिच्या वकिलाला सगळं मांडावंच लागतं, आणि एकतर्फी ऐकूनही फेटाळू शकतात. समोरचा आला नाही म्हणजे आपण जिंकलो, हा समज नाटक-सिनेमांनी पसरवलेला.

आणि ऑनलाइन हजेरीचं. 2017 मध्ये वैवाहिक खटल्यांतल्या व्हिडिओ कॉन्फरन्सिंगवरून सुप्रीम कोर्टातच मार्चमध्ये एक आणि ऑक्टोबरमध्ये दुसरं असं झालं होतं. ऑक्टोबरचा निकाल दोन विरुद्ध एक, आणि वेगळं मत देणारे होते न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड, ज्यांना पडद्यावरच्या हजेरीत बाईचं नुकसान दिसत नव्हतं. मग कोरोना आला आणि सगळेच पडद्यावर गेले. आता उच्च न्यायालयात वकिलाला परवानगीने ऑनलाइन उभं राहता येतं, पण भाचीचं अपील पुण्याचं, म्हणजे मुंबईच्या मुख्य पीठाचं. ऑगस्ट 2025 मध्ये सुरू झालेलं आमचं कोल्हापूरचं बेंच सांगली, सातारा, कोल्हापूर, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांपुरतं आहे. मला घरचं अंगण मिळालं, तिला नाही. मुंबईला माझी एक जुनी ज्युनिअर आहे, कामाला वाघीण. तिच्याशी सकाळीच बोलले.

तर आता भाचीने काय करायचं ते लिहून घे, आणि तिला जसंच्या तसं पाठव. उच्च न्यायालयाच्या वेबसाइटवरून ती ऑर्डर आजच उतरवायची, आणि उद्या खऱ्या नकलेचा अर्ज टाकायचा. आधीच्या वकिलांकडून फाइल आणि ना-हरकत घ्यायची, गोड बोलून. त्यांच्या आजारपणाचे कागद मिळाले तर सोनं. तिने स्वतः त्यांना केलेले फोन, मेसेज, ईमेल, ‘सर, आपली तारीख कधी?’ असं विचारलेलं काहीही, सगळं जपून ठेवायचं, पुसायचं नाही. घर बदललं त्याचे करार, बदलीची ऑर्डर, तेही. प्रतिज्ञापत्रात खरं तेच लिहायचं. ‘मला काहीच माहीत नव्हतं’ हे खरं नसेल तर लिहायचं नाही, कारण तो नवरा तिचे जुने मेसेज काढून दाखवील. आणि सर्वांत आधी, अर्ज दाखल व्हायच्याही आधी, नवऱ्याला आणि त्याच्या वकिलाला आपल्याकडून रजिस्टर पत्र गेलं पाहिजे, की आम्ही अपील परत उभं करण्याचा अर्ज करत आहोत. मुहूर्त काढला असेल तर निदान डोळे उघडे ठेवून काढू दे. त्याने लग्न केलंय का याची चौकशी नातेवाइकांतून करा, पण फेसबुकवर भांडणं नकोत.

शेवटचं एक विचारायचंय, आणि ते तू विचार, मी विचारलं तर वकिलाने विचारल्यासारखं होईल. तिला हे लग्न खरंच परत हवंय, की घटस्फोटाच्या निकालात तिच्याबद्दल जे लिहिलंय ते पुसायचंय, की पोटगी आणि मुलाचा ताबा नीट ठरवून घ्यायचाय? तिन्हींचे रस्ते वेगळे आहेत. कायमच्या पोटगीसाठी हिंदू विवाह कायद्याच्या कलम 25 खाली घटस्फोटानंतरही अर्ज करता येतो, मुलाच्या ताब्याचंही तसंच. त्यासाठी हे अपील जिवंत हवंच असं नाही. पहिल्या दोन्हींसाठी मात्र हवं. तिचं उत्तर मला बुधवारपर्यंत हवं, कारण विलंबाच्या अर्जात यापुढचा एकेक दिवस तिच्या स्वतःच्या नावावर लागणार आहे. तुझ्या वेळेने रात्री साडेआठनंतर फोन कर, म्हणजे मी सकाळी कोर्टात निघायच्या आत सापडेन.

तुझी,
माई